बिनठिपक्याची कवडी

बोटीने पलीकडे असलेल्या कर्कवॉल गावच्या वृद्धाश्रमात एक खाट रिकामी झाली होती आणि मेरनने फोनवर हो म्हणून टाकलं होतं. आईला सांगायचं तेवढं राहिलं होतं.

तेवढंच तर जमत नव्हतं. आईला रात्रीतून दोन-तीनदा उचलून बसवायचं, सकाळी ओली चादर धुवायची, मग मेंढ्या, मग पुन्हा आई. मेरन झोपेतही एक कान उघडा ठेवायची. चहात साखर घातली की नाही, हेसुद्धा हल्ली तिला आठवत नसे. माणूस काही लोखंडाचा नसतो, आणि स्ट्रॉन्से बेटाच्या खाऱ्या वाऱ्यात लोखंडही गंजतंच.

घरात शब्द फुटेना, म्हणून ओहोटी बघून तिने आईला गाडीत घातलं. “चल, कवड्या वेचू,” म्हणाली.

बेटावरची ही कवडी म्हणजे करंगळीच्या नखाएवढी, गुलाबी, बारीक रेघांची. गार पाण्यातली गोगलगाय मरते आणि घर तेवढं किनाऱ्याला लागतं. पाकिटात एक ठेवली की पाकीट कधी रिकामं होत नाही म्हणतात. मेरनच्या आईने, जेसीना म्हातारीने, जन्मभर वेचल्या, आणि पाकिटात कवड्याच राहिल्या.

तिला वाळलेल्या शेवाळाच्या रेघेशी बसवून मेरन वाकून शोधू लागली. कंबर ठणकत होती. दिसत काहीच नव्हतं.

“वाळूत बघ गं, ढगात नसतात त्या!”

“बघतेय ना.”

“कसली बघतेस! तुझ्या बापाला निदान मेंढ्या तरी दिसायच्या.”

म्हातारीचे डोळे गेल्यातच जमा होते, पण बोटं वाळू चाळत होती. थोड्या वेळाने तिने चिमूट पुढे केली. “ठिपके आहेत का बघ.”

“नाहीत.”

“मग आपल्या घरची. ठिपकेवाल्या दक्षिणेकडच्या. येतात, राहतात, आणि वर आपल्यालाच शहाणपण शिकवतात.”

मेरनला हसू आलं. आता सांगावं म्हणून तिने तोंड उघडलं आणि पुन्हा मिटलं.

“खाट कधीपासून मिळतेय?” म्हातारीनेच विचारलं.

मेरन तिच्याजवळ वाळूत बसली. “कोण बोललं तुला?”

“तूच की. शाळेत होतीस तेव्हापासून, कवड्यांना चल म्हटलं की तुझ्या पोटात दुखायचं. आज स्वतःहून आणलंस, वर लोणी लावून भाकरी बांधून घेतलीस. मी म्हातारी झालेय, खुळी नाही झाले.”

“आई, मी कळवते त्यांना, नको म्हणून.”

“खबरदार! तुझ्या दमण्याचा मलाही कंटाळा आलाय. रात्री मला उचलताना असा काही सुस्कारा सोडतेस, की वाटतं, नकोच हाक मारायला. मग राहते तशीच ओल्यात पडून.”

आईला आता चादर ओली झालेलीही कळत नाही, असं मेरनने फोनवर वृद्धाश्रमातल्या बाईंना सांगितलं होतं. अगदी खात्रीने सांगितलं होतं.

तिला रडू कोसळलं. पण ‘खबरदार’ ऐकताक्षणी, रडू यायच्या आधी, सुटल्यासारखं वाटलं होतं. त्याची तिला फार लाज वाटली. आईला दिसत नाही तेच बरं, असंही वाटून गेलं.

“बोट कधीची?”

“उद्या सकाळची.”

मेरनने काखेत हात घालून तिला उचललं. अर्ध्यात पाय घसरला आणि दोघी पुन्हा वाळूत बसल्या. म्हातारी खो खो हसली.

“सकाळची ना? मग आत्तापासूनच उठायला लागू या,” ती म्हणाली, आणि तिने पुन्हा हात वर केला.

मेरनने तो धरला. आणि सुस्कारा बाहेर पडू नये म्हणून आधी श्वास रोखला.