टायटसच्या नावाचं झाड

अठरा वर्षांपूर्वी ग्रेट निकोबार बेटावर टायटस नावाच्या वाटाड्याने वनस्पतिशास्त्रात पीएचडी करणाऱ्या रुचिराला ओढ्याकाठचं एक अनोळखी झाड दाखवलं, आल्याच्या कुळातलं. ते विज्ञानाला नवीन निघालं तर त्याला तुझंच नाव देईन, असा शब्द तिने दिला. ते नवीन निघालंही. पण तिच्या सरांनी त्याला आपल्या गुरूंचं नाव दिलं आणि पीएचडी अडेल या भीतीने ती गप्प बसली. टायटसला तिने काहीच कळवलं नाही.

यंदा मुलीच्या नर्सिंगच्या प्रवेशासाठी टायटस पनवेलला आला आणि मुलीला घेऊन विचारत विचारत करंजाड्यातल्या रुचिराच्या फ्लॅटवर पोचला.

"मॅडम, माझं नाव छापलेलं हिला दाखवा ना," तो हिंदीत म्हणाला. "माझ्या नावाचं झाड आहे, असं सांगून ते रान मी आजवर कुणाला तोडू दिलं नाही."

रुचिराने सगळं खरं सांगितलं. छापलेलं नाव आता बदलता येत नाही, हेही सांगितलं.

टायटस मुलीला म्हणाला, "गावात यातलं काही सांगू नकोस. नाहीतर ते झाड राहायचं नाही."

रुचिरा चहाचं विचारेपर्यंत तो चपला घालत होता.