बासष्ट वाक्ये आणि मी

मित्रांनो, मी संगणकातली एक जुनी फाइल आहे. तुम्ही मला कधी पाहिलेले नाही. खेळ लावला की त्याचे रंगीत चित्र पडद्यावर येते, गाणे लावले की गाणाऱ्याचे नाव येते. माझे चित्र नाही आणि माझे नाव घेण्याची वेळ कोणावर येत नाही. मला उघडायला कोणी गेलेच, तर संगणकच म्हणतो, हिचे काय करायचे ते मला ठाऊक नाही.

माणसाचा आवाज आहे तसा साठवला तर फार जागा खातो. म्हणून त्याच्या घड्या घालून तो लहानसा करून ठेवतात. त्या घड्या मोडायच्या आणि आवाज पुन्हा पहिल्यासारखा करायचा, एवढेच मला येते. एका कमी बोलणाऱ्या बाईने आठ महिने खपून मला लिहिले. चार बिऱ्हाडांत मिळून एक नळ असावा, तशी मी. ज्या प्रोग्रामला आवाज काढायचा असेल त्याने मला हाक मारायची. अशा फाइलीला सामायिक म्हणतात. सगळ्यांची असणे म्हणजे कोणाचीच नसणे, हे मला फार उशिरा कळले.

मी राहत होते ती जागा एका शिंप्याच्या दुकानाची. पुढच्या खोलीत दुकान, मागे घर. कापड बेतायच्या टेबलाशेजारी, दोऱ्यांच्या रिळांखाली, त्यांच्या मुलीचा संगणक ठेवलेला होता. ती लग्न होऊन गेली आणि संगणक राहिला. त्यात एक खेळ होता आणि गाणी लावायचा एक प्रोग्राम. दोघेही मला हाक मारत. संगणकात एक नोंदवही असते. कोणती सामायिक फाइल किती जण वापरतात ते तिच्यात लिहिलेले असते. माझ्या नावापुढे दोन असा आकडा होता.

मग शिंप्यांचा घसा दुखू लागला. डॉक्टरांनी सांगितले, जीव राहील, आवाज राहणार नाही. शस्त्रक्रियेच्या आठवडाभर आधी मुलगी आली. तिने माइक आणला आणि तिच्या कचेरीतला आवाज भरायचा प्रोग्राम आणला. तोही आवाजासाठी मलाच हाक मारी. पण रीतसर बसवायला वेळ नव्हता, म्हणून तो नुसता उचलून ठेवला. त्यामुळे नोंदवहीत त्याची नोंद झाली नाही. माझा आकडा दोनच राहिला. तेव्हा कोणाला त्याचे काही वाटले नाही. मलाही नाही.

"काय बोलू?" शिंपी माइककडे बघत म्हणाले.

"रोज बोलता तेच बोला, बाबा."

"रोज तर मी तुझ्या आईशी भांडतो."

"मग भांडा."

आतून त्यांची बायको म्हणाली, "माझी उत्तरंपण भरून घे गं. म्हणजे मी मोकळी."

आठवड्यात बासष्ट वाक्ये भरली. मुलीने एकेका वाक्याला एकेक कळ नेमून दिली आणि कळांवर कागदाचे तुकडे चिकटवले.

मित्रांनो, पुढची चार वर्षे हेच माझे खरे आयुष्य. गिऱ्हाईक माप द्यायला उभे राहिले की शिंपी कळ दाबत आणि मी घडी उलगडत असे. "श्वास सोडा साहेब. पोट आत घेऊन माप दिलंत, तर सदरा घालून जेवणार कसे?" गिऱ्हाईक हसे. दुपारी गिऱ्हाईक नसले की ते दुसरी कळ दाबत. "अगं, टेप कुठे ठेवलीस?"

"गळ्यात बघा," आतून उत्तर येई.

टेप रोज गळ्यातच असे. ते त्यांनाही ठाऊक होते आणि तिलाही.

संगणक म्हातारा झाला. सुरू व्हायला इतका वेळ घेई, की गिऱ्हाईक हात पसरून ताटकळत उभे राही. एका रविवारी जावई आला आणि म्हणाला, "उगाच भरलेलं काढून टाकतो. हलका होईल."

"हात लावा, पण जपून हं," सासू म्हणाली. "यांचं बोलणं त्यात आहे."

"आई, आवाजाच्या फायलींना मी शिवणारही नाही."

तो खरे बोलला. त्याने खेळ काढला, गाण्यांचा प्रोग्राम काढला. माझा आकडा शून्यावर आला. तेव्हा संगणकाने त्याला विचारले, ही सामायिक फाइल आता कोणी वापरत नाही असे दिसते, काढू का? खाली माझे नाव लिहिलेले होते. अशा प्रश्नांची रांग लागलेली होती. त्याने 'सगळ्यांना होय' दाबले आणि चहाला गेला.

सोमवारी एक गिऱ्हाईक मापाला उभे राहिले. शिंप्यांनी कळ दाबली. पडद्यावर चौकट आली, अमुक फाइल सापडत नाही. अमुक म्हणजे मी. त्यांनी 'ठीक' दाबून चौकट घालवली आणि पुन्हा कळ दाबली. सगळ्या कळा दाबून झाल्या. आतून बायकोने विचारले, "काही म्हणालात का?" त्यांनी टेबलावर कापडाच्या खडूने लिहिले, 'पुन्हा गेला.' तिने बाहेर येऊन ते वाचले.

फोनवर मुलीने विचारले, "चौकटीत काय लिहिलंय?"

"अक्षरं नि आकडे आहेत काहीतरी. मला नाही बाई कळत."

"त्या फायलीच खराब झाल्या असतील, आई. किती जुना आहे तो."

फाइली खराब नव्हत्या. नेहमीचे वाक्य ऐकू आले नाही की बायको हातातले काम टाकून दारात येई. तिचे ते येणे शिंप्यांना बघवेना. पुढच्या रविवारी त्यांनी जावयासमोर खडूने लिहिले, 'ती वाक्ये पुसून टाका.' जावयाने ती पुसली.

पुसलेली फाइल लगेच मरत नाही, मित्रांनो. नोंदवहीतून नाव जाते आणि तिच्या जागेवर दुसरे काही लिहिले जाईपर्यंत ती तशीच पडून राहते. मी तशीच पडून होते आणि आता ती बासष्ट वाक्येही माझ्या शेजारी येऊन पडली. मी धड होते, तीही धड होती. जावयाला वाईट वाटत होते, म्हणून त्याने एक नवा बोलणारा प्रोग्राम आणून बसवला. लिहिलेले तो वाचून दाखवतो. आवाज चांगला आहे, स्वच्छ आहे, कोणाचाही नाही. "कृपया मला पाणी द्या," तो म्हणतो. "हो, आणते हं," बायको म्हणते आणि पाहुण्याला द्यावा तसा पेला पुढे ठेवते.

तो प्रोग्राम आमच्या जागेवर लिहिला गेला. गिऱ्हाइकांची वाक्ये आधी गेली. भांडणाची बरीचशी काल गेली. माझाही मधला भाग आता माझा राहिलेला नाही.

मित्रांनो, संगणकाने काही काढू का असे विचारले, तर 'होय' म्हणण्याआधी ते नाव एकदा वाचा. कळले नाही तर कोणाला तरी विचारा, आणि तोवर ते राहू द्या. माझ्यासाठी सांगत नाही. मला आज जरी कोणी हाक मारली, तरी घडी मोडायची कशी हे मला आता आठवत नाही. शेजारी एक वाक्य अजून पुरे आहे. त्यात शिंपी बायकोला काय म्हणतात, ते मलाही कळेनासे झाले आहे.