सातानंतर

योलेने कोर्रादोच्या हातातली कात्री काढून घेतली आणि सरळ आपल्या एप्रनच्या खिशात टाकली.

"हा शॉट जाणार नाही," ती म्हणाली.

"अगं बाई, दिग्दर्शक मी आहे ना?"

"असशील. कात्री माझी आहे."

कोर्रादो धपकन खुर्चीत बसला. संकलनाच्या यंत्राच्या इवल्याशा पडद्यावर म्हातारा नेव्हिओ दारात उभा होता. मुलगा घर सोडून निघालाय, बाप त्याला दोन शब्द सांगतो आणि मध्येच थांबतो, एवढाच प्रसंग. नेव्हिओचं हे शेवटचं काम. ईस्टरच्या आधीच तो गेला. एकेकाळचा नायक, पुढे त्याच्या भूमिका आखूड होत गेल्या, आणि त्यातल्याही अर्ध्या योलेच्याच कात्रीखाली गेल्या. रोममधल्या या कोंदट खोलीत तिचा जन्म गेला होता माणसं छाटण्यात. आता पाठ भरून यायची, डोळे चुरचुरायचे. निदान या एकाला तरी ती छाटणार नव्हती.

"तुझा कोण लागायचा गं तो?" कोर्रादोने डोळे मिचकावले.

"कोणी नाही. दर नाताळला केक घेऊन यायचा आणि विचारायचा, 'योले, यंदा किती उरलोय मी?'"

कोर्रादोने प्रसंग पुन्हा लावायला सांगितला. बाप बोलतो. थांबतो. नजर कुठेतरी हरवते.

"हे थांबणं मात्र सोन्यासारखं आहे," तो पुटपुटला. "मी सांगितलंही नव्हतं त्याला. बरं बाई, राहू दे. जिंकलीस."

दुपारी डबिंगवाल्या एल्सोचा फोन आला. म्हाताऱ्याच्या तोंडी वाक्य बसवायचं होतं. ओठ कुठे उघडतात, कुठे मिटतात ते त्याला हवं होतं. सेटवर नेव्हिओने संवाद म्हटलाच नव्हता. संवाद पाठ होत नसलेल्या त्याच्यासारख्यांनी नुसतं एक, दोन, तीन मोजत राहायचं. शब्द मागाहून, दुसऱ्याच कुणाच्या आवाजात. आकड्यांकडे कोण बघतंय?

योलेने चष्मा वर सरकवला आणि फीत हाताने हळूहळू ओढली. पाच. सहा. सात.

पुन्हा सात.

पुन्हा सातच. पुढचा आकडा त्याला आठवतच नव्हता. मग ओठ उघडेच राहिले. कोर्रादोचं ते सोनं. आणि त्यानंतर, मान जराही न वळवता, नेव्हिओचे ओठ बारीकसे हलले. योलेने फीत मागे घेतली, पुन्हा बघितलं. पहिला शब्द ओळखायला वेळ लागला नाही. ते तिचंच नाव होतं.

'योले, हे काप.'

तिने एप्रनच्या खिशातून कात्री काढली. मग तिने एल्सोला फोन लावला.

"वाक्य नको शोधूस. तो शॉट नाहीये."

संध्याकाळी कोर्रादो आला, प्रसंग बघायला बसला आणि ताडकन उभाच राहिला. मुलगा आता जिन्यावरून थेट रस्त्यावर येत होता. दारात कुणी नव्हतं.

"अगं, इतकी भांडलीस माझ्याशी! आणि आता?"

"लांबत होतं."

तो आणखी काही विचारणार होता. तिच्या चेहऱ्याकडे पाहून त्याने फीत मागे घेतली, पुन्हा एकदा बघितली.

"जोड कुठे आहे ते कळतसुद्धा नाही."

"कळायला नकोच," योले म्हणाली आणि एप्रनची गाठ सोडू लागली.