पडद्यावरचा ससा

तंजावूरच्या एका फार्मसी कॉलेजात नागलक्ष्मी मॅडमनी वीस वर्षं खऱ्या सशांच्या डोळ्यांत औषध घालून शिकवलं होतं. यंदा पिंजरे गेले आणि संगणक आले. पडद्यावर सशाचा मोठा डोळा दिसे. ड्रॉपरवर क्लिक केलं की थेंब पडे आणि बाहुली मोठी होई.

पहिल्याच तासाला मॅडमनी माऊस ड्रॉपरकडे नेला, तसा डोळा मिटला. थेंब अजून पडलाच नव्हता.

त्यांनी सॉफ्टवेअर कंपनीला फोन केला. "तो फोटो आहे, मॅडम," पलीकडचा माणूस म्हणाला. "त्यात फक्त बाहुली बदलते. पापणी हलायची सोयच नाही."

वर्गात त्यांच्या भावाची मुलगी दिव्यश्री होती. तिला त्यांनी माऊस दिला. तिनं पाच वेळा थेंब घातला. डोळा उघडाच राहिला.

"नीट चालतंय की, आत्या. आता तुम्ही पाहा."

नागलक्ष्मींनी माऊसवर नुसता हात ठेवला. पापणी थरथरली आणि गच्च मिटली.

"तुम्हाला ओळखतोय तो," दिव्यश्री हळूच म्हणाली.

त्यांनी हात पदराखाली घेतला. बऱ्याच वेळानं डोळा उघडला. तेव्हापासून त्या शेवटच्या बाकामागे उभ्या राहून शिकवतात.