शून्यावरचा काटा

कॅमेऱ्यापायी सुमंतने बी.एस्सी. अर्धवट सोडली, तेव्हापासून सहा वर्षं बापलेकांत बोलणं नव्हतं. वडील, नृसिंह मास्तर, संगमनेरच्या शाळेत पदार्थविज्ञान शिकवत. त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात सुमंतच्या पहिल्या चित्रपटाचं काम प्रवरेच्या कोरड्या पात्रात चाललं होतं. शेवटच्या दिवशी काळा कोट घालून मास्तर सायकलवर तिथे आले.

"तुमच्या चित्रात एखादा मास्तर नाही का?" त्यांनी विचारलं.

सुमंतला आधी हसू आलं, मग घाम फुटला. कच्ची फिल्म परवान्यावर मिळे. पाणी घेऊन परतणाऱ्या बायांचं दृश्य बाकी होतं आणि फिल्मचा डबा एकच उरला होता. बघ्यांची गर्दी हटत नसली की सगळे करत तेच त्याने केलं. फिल्म न घालता रिकामा कॅमेरा फिरवला. मास्तर पात्रातून ताठ चालत येऊन कॅमेऱ्यापाशी थांबले.

"अजून एकदा, अण्णा. जरा सावकाश."

ते पुन्हा चालले.

संध्याकाळी बायांचं दृश्य झालं आणि डब्यात चाळीस फूट फिल्म उरली. चाळीस फूट म्हणजे सव्वीस सेकंद. अण्णांना वीससुद्धा लागले नव्हते. पण ते केव्हाच घरी गेले होते.

थंडीत संगमनेरला चित्रपटाचा सकाळचा खेळ लागला. अण्णांनी निम्मी आळी सोबत आणली होती. अंगात तोच कोट. पडद्यावर कुणी चालत आलं की ते खुर्चीत पुढे सरकत. दिवे लागले तरी त्यांची नजर पडद्यावरच होती.

"सर, माझा डोळा लागला तेवढ्यात येऊन गेले का तुमी?" शेजारचे आबासाहेब म्हणाले. सगळे हसले.

"कात्रीत गेलो हो. माझ्यापेक्षा बैल बरे दिसतात." अण्णाही हसले.

परतताना अण्णांची सायकल सुमंतने हातात धरली आणि दोघं चालत निघाले. सुमंतने घसा खाकरला. "अण्णा, संकलन करताना..."

"राहू दे. फिल्म किती उरली ते दाखवणारा काटा असतो ना, तो शून्यावर होता. दोन्ही वेळा."

"पहिल्या वेळीच दिसला होता? मग पुन्हा का चाललात?"

"तू अण्णा म्हणालास."

सुमंतने सायकल एका खड्ड्याच्या कडेने काढली.

"मग आज कशाला आलात?"

"वाटलं, माझं वाचन चुकलं असेल. चष्म्याचा नंबर वाढलाय."

त्यांनी कोट काढला, नीट घडी घालून कॅरिअरला लावला आणि सायकल सुमंतच्या हातातून आपल्याकडे घेतली.