ग्लासातला साप

चर्चच्या हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. टेबलावर काचेच्या बरण्या, बरण्यांत हातभर लांब, काळे, बुळबुळीत दोर. ऑकलंडहून आलेला विलियामी सांगत होता, की टिनमधलं मांस, चरबीचं मटण आणि मनातला मत्सर आतड्याला चिकटून त्याचा हा साप होतो. माझं चूर्ण घ्या, साप बाहेर. बायका तोंडावर हात ठेवून बघत होत्या. एका बरणीतला साप आपल्या आईचा आहे, हे फुसीला ठाऊक होतं.

आईला, लोसालिनेला, कित्येक महिने शौचातून रक्त जात होतं. बेटावर दवाखाना एकच, आणि तिथला डॉक्टर पाएआ तिचा सख्खा भाऊ. टोंगात बहीण भावासमोर, मग तो सख्खा असो वा दूरच्या नात्यातला, असलं काही बोलत नाही. म्हणून ती विलियामीकडे गेली. चूर्ण सुरू झालं आणि रक्त दिसेनासं झालं. देवानं ऐकलं, असं ती म्हणे. तिचे गाल मात्र खोल जात होते.

एका दुपारी फुसीनं आईचं चूर्ण पाण्यात कालवलं, तेवढ्यात तिचं बाळ रडलं. त्याला पाजून, थोपटून ती परतली तर ग्लासात काळा गोळा. बोटांनी ओढला तर दोरासारखा लांबला. ती तो तसाच हॉलमध्ये घेऊन गेली.

"विलियामीकाका, हा कुणाचा?"

"फार जुना दिसतोय, पोरी. कुणाच्या पोटातला?"

"ग्लासाच्या."

मागून कुणी विचारलं, ग्लासानं टिनमधलं मांस कधी खाल्लं? हॉल हसला. फुसीनं सगळ्यांदेखत दुसरी पुडी भिजत घातली, आणि थोड्या वेळात तिचाही तसाच दोर झाला. पाण्यात फुगणारा इसबगोल, चिकणमाती, कोळसा. साप पोटात नव्हताच, पुडीत होता.

फुसीला हसू आलं नाही. कोळशानं काळ्या झालेल्या शौचात रक्त दिसणार कसं? ते थांबलं नव्हतं, झाकलं गेलं होतं.

तिनं स्वतःच मामाला सांगितलं. आईला बोटीनं राजधानीत नेलं, तोवर आतड्यातली गाठ यकृतापर्यंत पोचली होती. लोसालिनेनं नाताळ पाहिला नाही.

नंतर पाएआनं त्याच हॉलमध्ये बायकांना बोलावलं. टिनमधलं मांस कमी करा, म्हणाला. अळकुड्या, रताळी, पालेभाज्या खा. त्यांच्या चोथ्यानं पोट साफ राहतं, आतड्याच्या कर्करोगाचा धोका कमी होतो. पण पुरता जात नाही, आणि झालेली गाठ कुठल्याच चोथ्यानं विरघळत नाही. रक्त दिसलं की तपासून घ्या. चमत्काराची वाट बघू नका.

"पण तू आमचा भाऊ ना रे," एक म्हातारी पुटपुटली. "तुझ्यापुढं कसं बोलायचं?"

पाएआ वळला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला.

"अशी पाठ करून ऐकतो," तो म्हणाला. "पण बोला."