सातव्या मजल्यावरचा वारा

“यावर कुणी विश्वास ठेवणार नाही, मुंगे, पण हा सातवा मजला मी एकदाही न मरता पार केलाय,” असं म्हणत आबांनी नातीची खुर्ची नातीसकट गर्रकन फिरवली आणि तिची पाठ खिडकीकडे केली.

“कधी?” मुंगीने टॅबमधून मान वर न काढता विचारलं.

“परवा. तू शाळेत होतीस.”

“टॅबला पासवर्ड आहे.”

“असेना का. पासवर्डला कोण भितो?”

“आणि खुर्ची कशाला फिरवली?”

“उजेड पाठीमागून यावा. डोळे शाबूत राहतात. माझेच बघ, बहात्तराव्या वर्षी सुईत दोरा ओवतो.”

दोरा ओवायला आबा शेजारणीला हाक मारत. मुंगीला हे ठाऊक होतं. पण अकराव्या वर्षीच तिला एवढंही कळलं होतं, की आबांचं प्रत्येक खोटं जागच्या जागी पकडायचं नसतं. एखादं पुढच्यासाठी राखून ठेवावं.

खेळ साधा होता. म्हणजे सांगायला साधा. टोपी घातलेला एक बुटका गडी मनोरा चढतो. प्रत्येक मजल्यावर काटे, खड्डे, करवती. कशालाही नुसतं बोट लागलं की गडी मेला, स्क्रीन काळी, आणि मजला पुन्हा पहिल्या पायरीपासून. सातव्या मजल्यावर दोरांना टांगलेल्या तीन फळ्या होत्या आणि खाली काट्यांचं रान. एवढ्यावर समाधान झालं नाही म्हणून खेळ बनवणाऱ्याने वर वारासुद्धा सोडला होता. माणूसजातीने त्याचं काय घोडं मारलं होतं कोण जाणे. स्क्रीनच्या कोपऱ्यात एक आकडा होता, मेलात किती वेळा याचा. आत्ता तो तीनशे एकेचाळीस होता.

खरा वारा दुपारी बारापासून सुटला होता. शाळा लवकर सोडली होती. समोरच्या मैदानापलीकडे इमारती उठत होत्या आणि त्यांच्या डोक्यावर चार क्रेन होत्या, वीस-वीस मजली उंच. डावीकडून तिसरी मुंगीच्या आईची. एवढ्या उंचावरच्या केबिनमधून खाली हात हलवणारी पोर मुंगीएवढी दिसते, म्हणून हे नाव आईनेच ठेवलं होतं.

मघाशी वाऱ्याचा भोंगा झाला. भोंगा झाला की क्रेनवाल्यांनी उतरायचं, आणि उतरण्यापूर्वी शेवटचं काम म्हणजे ब्रेक सोडून द्यायचा. मग क्रेनचा आडवा हात वाऱ्याबरोबर मोकळा फिरतो आणि वाऱ्याला फक्त पाठ देतो. ब्रेक ओढलेला राहिला तर हात अडून उभा राहतो, वारा त्याला आडवा बडवतो, आणि मग एवढं मोठं धूड मुळासकट कलंडायला वेळ लागत नाही. खाली कामगारांच्या पत्र्याच्या खोल्यांची ओळ होती.

पहिली फिरत होती. दुसरी फिरत होती. चौथी फिरत होती. आबांनी खुर्ची उगाच फिरवली नव्हती.

फोन वाजला. खाली झेंडी दाखवून क्रेनला इशारे देणारा माणूस होता; त्याला सगळे झेंडेवाला म्हणत.

“काका, ताई उतरल्या होत्या,” तो ओरडूनच बोलत होता. “खाली येऊन वर बघतात तर बाकीच्या तिन्ही फिरताहेत, आपली नाही. ब्रेक ओढलेलाच राहिला. म्हणाल्या, खुर्ची सोडताना हात सवयीने गेला. मी नको नको म्हणतोय, तर पट्टा लावून परत चढल्यासुद्धा! आम्ही खोल्या रिकाम्या करतोय.”

“कधी?”

“आत्ता. दोन मिनिटं झाली.”

“वा, वा. छान,” आबा म्हणाले आणि त्यांनी फोन मांडीवर पालथा ठेवला.

“कोण होतं?”

“झेंडेवाला. आई उतरली म्हणे. हातपाय धुतेय.”

यातलं निम्मं खरं होतं. निम्म्या खऱ्यावर आबांनी आयुष्यात पुष्कळ मजले चढवले होते. त्यांनी मनगटावरचं घड्याळ पाहिलं. निवांत दिवशी लेक बारा मिनिटांत वर पोचते. या वाऱ्यात अठरा. वीस धरा.

त्यांचा उजवा हात टेबलाच्या कडेवर होता आणि नसलेली दांडी आपोआप मागे ओढत होता. खुर्ची सोडली की आधी ब्रेक ओढायचा. पाणी प्यायला उठलीस तरी ब्रेक. एकोणीस वर्षांच्या लेकीला त्यांनी हे याच टेबलाशी बसवून शिकवलं होतं, उलथन्याची दांडी करून, आणि विसरली की मनगटावर चापट मारून. कारखान्यात एकतीस वर्षं क्रेन चालवलेल्या माणसाची शिकवण. ती लेकीच्या हाडात मुरली, याचा त्यांनी गल्लीभर डंका पिटला होता. नव्या कामावर तिला उतरताना ब्रेक सोडायला शिकवलं गेलं, ती ते शिकलीही. पण घाई झाली की हात डोक्याला विचारत नाही.

आबांनी तो हात मांडीखाली दाबून ठेवला.

“मेले,” मुंगी म्हणाली. तीनशे बेचाळीस.

“मरणारच. तू गड्याकडे बघतेस.”

“मग कुणाकडे बघू?”

“गडी कुठे पळून जात नाही. जिथे उतरायचंय ती जागा बघ. क्रेनच्या आकड्याला दोन टनांचं ओझं लटकत असताना नवशिका ओझ्याकडे बघतो, आणि जुना माणूस ते ठेवायची जागा बघतो. ओझं आपलं आपण येतं.”

मुंगीने मान डोलावली. पहिली फळी साधली. दुसरीवर गडी घसरला.

“आणि ती फळी झुलतेय तर तिच्या मागे धावू नकोस. टोकाला गेली की क्षणभर थांबते बघ, जणू काही विसरली. तेवढ्यात उडी.”

तीनशे पंचेचाळीस. तीनशे सेहेचाळीस. पत्र्याचं काहीतरी खाली रस्त्यावरून खडखडत गेलं. काचा चौकटीत थरथरल्या. मुंगीचे खांदे किंचित वर आले, पण तिने मान वळवली नाही. आबांना बरं वाटलं. पोर खेळात रमली होती.

“आता मेलीस ना, तर लगेच बटण दाबू नकोस,” ते म्हणाले. “चिडून मारलेली उडी आपली नसते. एक श्वास घे. मग दाब.”

ही युक्ती तिला सगळ्यांत पटलेली दिसली. गडी मेला, स्क्रीन काळी झाली, की ती त्या काळ्या काचेकडे शांतपणे बघत राही. एक श्वास, कधी दोन, आणि मग बटण. आबांनी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. तिसरी क्रेन तशीच होती. तिचा हात वाऱ्यात आडवा उभा होता आणि टोकाशी थरथरत होता. शिडीवर कुणी दिसतंय का, हे त्यांच्या डोळ्यांना कळेना. सहा मिनिटं.

“आबा, शिडी चढायला किती वेळ लागतो?”

“कुठली शिडी?” आबांचा आवाज उगाच चढला.

“गेममधली.”

“ती आठव्या मजल्यावर आहे. आधी सातवा तर होऊ दे.”

“तुम्ही वाऱ्याचं काय केलं होतं? न मरता गेलात तेव्हा?”

वाऱ्याचं नाव निघालं तसं आबांनी खिडकीवरची नजर ओढून आणली आणि खुर्चीत पुढे सरकले. बोलत राहणं हे एकच काम त्यांच्या हातात उरलं होतं, आणि ते त्यांना येत होतं.

“वाऱ्याशी भांडायचं नाही. बटणं सोडून द्यायची. तो नेईल तिकडे जायचं, तो दम खाईल तेव्हा आपलं साधायचं. हे मला गेमने नाही शिकवलं. एकदा मी वर केबिनमध्ये, आणि असा वारा सुटला, असा वारा, की कावळे उलटे उडत होते.”

“उलटे म्हणजे?”

“शेपटी पुढे. मध्ये बोलू नकोस. मी काय केलं, दिला ब्रेक सोडून. क्रेन लागली फिरायला. एक फेरी, दोन फेऱ्या. दर फेरीला समोरच्या इमारतीतली एक खिडकी माझ्या नाकासमोरून जायची. पहिल्या फेरीला बघतो तर आत एक मुलगी कांदा चिरतेय. दुसऱ्या फेरीला कांदा चिरून झालेला, मुलगी डोळे पुसतेय. म्हटलं, रडू नका हो. तिसऱ्या फेरीला ती म्हणाली, रडत नाहीये, कांदा आहे.”

मुंगीला हसू फुटलं आणि गडी मेला. तीनशे साठ. काळ्या काचेकडे बघताना मात्र ते हसू टिकलं नाही.

“आजी?”

“दुसरी कोण? तिच्याएवढं फटकळ कुणी होतं का? चौथ्या फेरीला मी नाव विचारलं. पाचव्या फेरीला ती म्हणाली, आधी तुमचं सांगा, लटकताय तुम्ही.”

अकरा मिनिटं. एक जोराचा झोत आला आणि तिसऱ्या क्रेनचा अख्खा खांब वाकल्यासारखा झाला. झाला, की आबांच्याच डोळ्यांत पाणी होतं? त्यांनी चष्मा काढून पुसला. पुसायला एकच हात होता, दुसरा मांडीखाली बधिर झाला होता. त्यांनी मनातल्या मनात पायऱ्या मोजायला घेतल्या आणि शंभरावर चुकले.

“मग?” मुंगी म्हणाली.

“मग काय?”

“पाचवी फेरी झाली.”

“हां. पाचव्याला मी नाव सांगितलं. वाऱ्यात अर्धंच पोचलं. म्हणून तुझी आजी जन्मभर मला ‘अहो’ म्हणाली, उरलेलं तिला कळलंच नव्हतं.”

“सहावी?”

“सहावी…” आबांची नजर पुन्हा खिडकीकडे गेली. “सहाव्या फेरीला खिडकी बंद. तुला सांगतो, तेव्हा मात्र मी घाबरलो. वाटलं, संपलं. आता काही ही खिडकी उघडत नाही.”

हे त्यांनी ज्या आवाजात सांगितलं, तो गोष्टीचा आवाज नव्हता. मुंगीने प्रथमच टॅबवरून डोळे उचलले, आबांकडे पाहिलं, आणि पुन्हा खाली घातले. गडी दोन फळ्या सफाईने ओलांडून गेला आणि तिसरीच्या अलीकडे, काही कारण नसताना, सरळ काट्यांत चालता झाला. तीनशे एकाहत्तर.

“अगं, चालत काय जातेस? उडी मार की.”

“हो. चुकलं.”

सोळा मिनिटं. अठरा. फोन मांडीवर गप्प पडला होता. लावावा, तर झेंडेवाला काय सांगेल? तीनशे बहात्तर. तीनशे त्र्याहत्तर. वीस मिनिटं झाली तेव्हा आबांनी घड्याळाची तबकडी मनगटाच्या आतल्या बाजूला वळवली.

“सातव्या फेरीला काय झालं?” मुंगीने विचारलं. तिचा आवाज अगदी बारीक होता. स्क्रीन काळी होती. तीनशे चौऱ्याहत्तर.

“सातव्या फेरीला खिडकी उघडली. आणि तुझी आजी म्हणाली—”

तिसऱ्या क्रेनचा आडवा हात हलला. आधी भासच वाटावा इतका. मग टोक जरा खाली झुकलं, डावीकडे सरकलं, आणि एवढा वेळ छाती काढून उभं असलेलं ते धूड सावकाश, एखाद्या आळशी म्हशीसारखं, वाऱ्याकडे पाठ करून वळलं.

आबांनी पाण्याचा पेला उचलला, तो दातांवर वाजला, तसा परत ठेवला.

“काय म्हणाली?”

“हो म्हणाली,” आबा कसेबसे म्हणाले. “हो म्हणाली, बाई.”

मुंगी काळ्या काचेकडे बघत होती. एक श्वास. दोन. तीन. मग तिने बटण दाबलं. गडी पहिल्या फळीवर गेला, फळी टोकाशी थांबली तेव्हा दुसरीवर. वारा आला तशी मुंगीने दोन्ही अंगठे हवेत उचलले. गडी वाऱ्याबरोबर मागे वाहत गेला, वाऱ्याने दम खाल्ला, आणि तिसरी फळी, आणि पलीकडचा काठ. आठव्या मजल्याचं दार उघडलं. आकडा तीनशे चौऱ्याहत्तरच राहिला.

“अगं जमलं की!” आबांनी मांडीखालचा हात काढून टेबलावर थाप मारली. “एका दमात! मग इतका वेळ करत काय होतीस?”

“मरत होते.”

“म्हणजे?”

“मेलं की स्क्रीन काळी होते. काळी झाली की तिच्यात मागची खिडकी दिसते.”

मांडीवरचा फोन वाजू लागला; झेंडेवाल्याचाच होता. आबांनी तो लगेच उचलला नाही.

“फोन आला तेव्हापासून?” त्यांनी विचारलं.

“नाही. तुम्ही खुर्ची फिरवलीत तेव्हापासून.”

तिने टॅब टेबलावर ठेवला, पायांनी जमीन रेटत खुर्ची खिडकीकडे वळवली आणि चारही क्रेन नीट पाहून घेतल्या. मग सवयीने हात हलवला, खिडकीआडचा हात वरून दिसणार नाही हे माहीत असूनही. आबांनी फोन उचलला, ‘दिसली, फिरली’ एवढंच म्हणून ठेवला आणि उठून तिच्या मागे उभे राहिले. त्यांचा उजवा हात खुर्चीच्या पाठीवर होता, आणि अजून दांडी ओढत होता. मुंगीने मागे न बघता तो हात धरला. तो थांबेपर्यंत धरून ठेवला.

“आबा,” ती म्हणाली, “तुमची क्रेन तर कारखान्याच्या शेडमध्ये होती ना? छपराखाली. तिथे वारा कुठून आला?”